चार बांबूंचा मूकपट

मच्छिंद्रसरांना एका जागी बसणं जमत नाही, हे वाटूरमध्ये सगळ्यांना माहीत आहे. वर्गात भूगोल शिकवताना ते या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत एवढ्या येरझारा घालतात की मागच्या बाकावरच्या पोरांच्या माना अवघडतात. पंगतीत बसले तरी भात येईपर्यंत दोनदा उठून वाढप्यांना सूचना देऊन येतात. केस कापणारा भारत तर एका हातानं त्यांचं डोकं दाबून धरतो आणि दुसऱ्या हातानं कात्री चालवतो. असा हा माणूस दिवाळीच्या सुट्टीत एके दिवशी सकाळपासून ऊन उतरेपर्यंत एकाच गादीवर बसून होता आणि सगळी गल्ली त्याचा जयजयकार करत होती. हे कसं झालं ते मलाच सांगावं लागणार. कारण सर स्वतः सांगायला लागले की कोणी विश्वास ठेवत नाही, आणि मग ते चिडून उठून जातात.

सुरुवात झाली मोबाइलवर. शंभर वर्षांपूर्वीचे ते मुके सिनेमे असतात ना, काळेपांढरे, दहाबारा मिनिटांचे, त्यांचा सरांना नाद लागला. त्यात कोणी बोलत नाही. एक जण चुकून भलत्याच घरात शिरतो, घरवाल्याला वाटतं हा डॉक्टर, हवालदाराला वाटतं हा चोर, मग सगळे एकमेकांच्या मागं धावतात, शिडी फिरते, चार डोकी फुटतात आणि शेवटी कोणाचं तरी तोंड केकात जातं. सर हे बघून एकटेच एवढे हसायचे की चहा नाकातून यायचा. शेजारी त्यांची बायको सुरेखा शेंगा फोडत बसलेली असायची. ती एकदा मोबाइलकडं बघायची आणि म्हणायची, "यात हसायला काय हाय? बिचाऱ्याला लागलं असंल."

हे सरांना फार लागायचं. सुरेखाबाई खडूस आहेत असं मुळीच नाही हो! शेजारच्या बेबीनंदाबरोबर त्या ओट्यावर बसल्या की हसून हसून त्यांच्या डोळ्यांत पाणी येतं. टीव्हीवरच्या कसल्याही पाचकळ गोष्टीला त्या हसतात. फक्त नवऱ्याच्या विनोदाला हसत नाहीत. लग्न झाल्यापासून सरांनी त्यांना शेकडो चुटके सांगितले असतील. चुटका संपला की सुरेखाबाई शांतपणे विचारतात, "मंग पुढं काय झालं?" आता चुटक्याच्या पुढं काय होणार? सर तेव्हा उठून गच्चीवर चकरा मारायला जातात.

तर सरांनी ठरवलं की असा एक मूकपट आपणच काढायचा. परदेशातला कोणी आपटला तर बायकोला दया येते, ठीक आहे. पण स्वतःचा नवरा आपटल्यावर कोणती बाई हसत नाही? एकदा, फक्त एकदा सुरेखानं आपल्याकडं बघून खळखळून हसावं, एवढीच त्या माणसाची इच्छा होती. त्या इच्छेनं त्यांना असं काही पछाडलं की आठवडाभर ते घरातल्या गादीवर पडायची तालीम करत होते आणि खालच्या मजल्यावरचे भाडेकरू वर येऊन विचारत होते, "सर, काही हलवून राह्यले का?"

गोष्ट सरांनीच लिहिली. नाव 'चुकलेला पाहुणा'. एक माणूस पत्ता शोधत एका मंडपात शिरतो. लोकांना वाटतं, हाच प्रमुख पाहुणा. ते त्याला हार घालतात, गादीवर बसवतात. तो बिचारा उठायला बघतो, लोक त्याला परत बसवतात. मग तो पळायला जातो, केळीच्या सालीवरून घसरतो आणि शेवटी त्याचं तोंड श्रीखंडाच्या पातेल्यात जातं. लेखक, दिग्दर्शक, नायक सगळं सर. कॅमेऱ्याला मिथुन. मिथुनचं फाट्यावर मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे आणि तो हळदीचे व्हिडिओ काढतो. "सर, शेवटी गुलाबाच्या पाकळ्या टाकू का?" एवढं एकच त्यानं गोष्ट ऐकून विचारलं.

जागा ठरली गल्लीच्या तोंडाशी डीपीजवळची मोकळी जागा. तिथं ऊन चांगलं येतं. डीपी म्हणजे खांबावरचा ट्रान्सफॉर्मर. तो जळून पंधरवडा झाला होता. गल्लीत वीज नव्हती. बेबीनंदाची पिठाची गिरणी बंद, नळाला मोटार बंद, लोक मोबाइल चार्ज करायला पलीकडच्या गल्लीत मेहुण्याकडं जात होते, आणि ज्यांना मेहुणा नव्हता ते मिथुनच्या दुकानात. लाइटच्या ऑफिसात गेलं की उत्तर ठरलेलं, "मागणी वर पाठवली हाय." पण सरांचं त्याकडं लक्ष नव्हतं. कलावंत माणूस एकदा कामाला लागला की त्याला अंधारही दिसत नाही.

गल्लीतले काकासाहेब तहसीलमधून कारकून म्हणून निवृत्त झालेले. सल्ला दिल्याशिवाय त्यांना जेवण पचत नाही. मंडप पडणार एवढंच कानावर आल्यावर ते म्हणाले, "सर, पोलिसांच्या कानावर घालून ठेवा."

"कामून? मी काय गुन्हा करून राह्यलो?"

"गुन्हा करणारे कुठं कानावर घालतात? तुम्ही घाला."

म्हणून सरांनी जमादारांना फोन केला. डीपीजवळ छोटा मंडप टाकतोय म्हणाले. जमादारांनी विचारलं, "काही गडबड होणार न्हाई ना सर?" सर म्हणाले, "बिलकुल न्हाई. मी तर दिवसभर एक शब्दसुद्धा बोलणार न्हाई." जमादारांना फार बरं वाटलं. असे लोक आजकाल कुठं मिळतात, असं ते म्हणाले.

आता खरी चूक. ती झाली मंडपवाल्या संपतकडं. आमच्या भागात मंडप बघितला की आत काय चाललंय ते विचारावं लागत नाही. झालर लावलेला मोठा मंडप म्हणजे लग्न. साधा मोठा, मागं चुली पेटलेल्या, म्हणजे तेरवी. आणि चार बांबू, वर एक कापड, खाली पांढरी गादी, दोन लोड आणि मागं पाचसात माणसांपुरती सतरंजी, म्हणजे उपोषण. दुसरं काही असूच शकत नाही. आमच्या जिल्ह्यात हे शेंबड्या पोरालाही कळतं. एरवी सरांनाही कळलं असतं, पण त्यांच्या डोक्यात सिनेमा होता.

"किती मोठा पाहिजे?" संपतनं विचारलं.

"लहान. चार बांबूंचा. एकच माणूस बसणार."

"गादी?"

"पांढरी. आणि दोन लोड."

"किती दिवस?"

"एकच. पण काम झालं न्हाई तर वाढू बी शकतो."

संपतनं इकडंतिकडं बघितलं आणि आवाज खाली आणला. "सर, तुम्ही? नोकरीवाला माणूस?"

"लई दिवसांपासून मनात होतं संपत. आता राहवत न्हाई."

"घरून विरोध न्हाई का?"

"बायको म्हणती, नसते उद्योग. पण तिच्यासाठीच तर करून राह्यलो."

संपतनं हातातली वही मिटली. त्याच्याही घरी पंधरवडा अंधार होता. "मंग सर, हार माझ्याकडून," तो म्हणाला. सरांना वाटलं, वा, काय रसिक माणूस आहे!

त्या दिवशी सकाळी सरांनी लग्नातला कोट चढवला. तो आता पोटावर बसत नव्हता, पण मुक्या सिनेमात कोट असाच तंग लागतो. खाली ढगळ पँट. सुरेखाबाईंच्या काजळानं ओठावर टिकलीएवढी मिशी काढली. मग जाहीर केलं, "आजपासून... म्हणजे आजचा दिवस, मी एक शब्द बोलणार न्हाई. भूमिकेत राहणार."

"बरं होईल," सुरेखाबाई म्हणाल्या आणि भाकरी थापायला गेल्या.

मंडप तयारच होता. सर गादीवर बसले. मिथुननं मोबाइल खांबाला बांधला. संपत हार घेऊन आला, त्यानं तो सरांच्या गळ्यात घातला आणि दोन्ही हात जोडून डोळे मिटून उभा राहिला. इतका वेळ उभा राहिला की सरांना वाटलं, दृश्य लांबतंय. तेवढ्यात रस्त्यानं जाणारे दोघं थांबले. मग दूधवाला थांबला. मग बाजाराला निघालेली एक रिक्षा थांबली आणि तिच्यातली सगळी माणसं उतरली. बघता बघता पन्नासेक लोक जमले. सर मनातून हरखले. गर्दीचं दृश्य फुकटात मिळत होतं!

गोष्टीत लिहिल्याप्रमाणे सर दचकल्यासारखं करून उठायला गेले. लगेच गर्दीतले चौघं धावले आणि त्यांनी सरांना खांद्याला धरून खाली बसवलं. "बसा सर, बसा! आता माघार न्हाई!" सर परत उठले. लोकांनी परत बसवलं. सरांनी तिसऱ्यांदा हातवारे केले, मी तो नव्हे, पत्ता चुकला, असं बोटांनी दाखवलं. लोक म्हणाले, "कळतंय सर, सगळं कळतंय!" अहो, न सांगता, न शिकवता लोक बराबर लिहिल्यासारखंच करत होते! गावात एवढी कला पडून आहे आणि आपण इतकी वर्षं जगातली वाळवंटं शिकवत बसलो, असं सरांना वाटलं. त्यांचे डोळे भरून आले. ते बघून दूधवाल्याचेही भरून आले.

"पण सुटात कामून बसले?" कोणीतरी विचारलं.

काकासाहेबांना सगळं माहीत असतं. "वेगळी पद्धत हाय. मुंडण करून झालं, टाकीवर चढून झालं, चिखलात लोळून झालं. प्रशासन कशालाच दाद देईना. म्हणून सर सुटात बसले."

"आणि ती मिशी?"

"काळी हाय ना? निषेध."

मग घोषणा सुरू झाल्या. "मच्छिंद्रसर तुम आगे बढो, हम तुम्हारे साथ है!" सरांना पहिल्यांदा जरा चुळबूळ झाली. मूकपटात घोषणांचा काय उपयोग? पण लोकांचा उत्साह कशाला मोडा. पुढची घोषणा आली, "डीपी आमच्या हक्काची, न्हाई कुणाच्या बापाची!" आता डीपी गोष्टीत नव्हती. सरांनी वळून वर खांबाकडं बघितलं, मग गादीकडं, मग दोन्ही लोडांकडं. मग चार बांबू एकेक करून मोजले.

त्यांनी खुणेनं मिथुनला बोलावलं आणि व्रत मोडून त्याच्या कानात म्हणाले, "हे काय चालून राह्यलं रे?"

"सर, लोकांना वाटून राह्यलं, तुम्ही डीपीसाठी उपोषणाला बसले."

"मंग तू सांगितलं का न्हाईस?"

"तुम्हीच म्हणले ना, शूटिंग चालू असताना कुणी बोलायचं न्हाई."

सर ताडकन उठले. आता सरळ सांगून टाकायचं, की बाबांनो, घरी जा. त्यांनी तोंड उघडलं, आणि नेमकी त्याच वेळी बेबीनंदा गल्लीतल्या बायका घेऊन आली. गिरणी बंद पडल्यापासून तिच्या कपड्यांवर पीठ दिसत नव्हतं, त्यामुळं ती ओळखूच येत नव्हती. ती पुढं आली आणि सरांच्या पायाशी बसली. "सर, त्या ऑफिसच्या पायऱ्या चढून माझे गुडघे गेले. एकानं पाणी बी इचारलं न्हाई. घरच्या माणसानं केलं नसतं ते तुम्ही केलं." असं म्हणून ती रडायलाच लागली. सरांनी उघडलेलं तोंड तसंच मिटलं. आता या बाईला काय सांगणार, की मी केळीच्या सालीवरून घसरायला आलोय म्हणून?

वरून काकासाहेब कानाशी लागले. "जमादारांनी वर कळवलं, तहसीलमधून फोन आल्ता. नायब तहसीलदार मॅडम निघाल्यात. लाइटवाल्यांना झापलं त्यांनी, डीपी भरून राह्यले गाडीत. आता तोंड उघडू नका सर. तुम्ही उठले की गाडी जिथं असंल तिथून परत फिरती."

म्हणजे उठायची सोय गेली. आणि सरांची तर गादीवर अशी तगमग चाललेली! पायाला मुंग्या आल्या. पाठ खाजायला लागली. या लोडावरून त्या लोडावर, मांडी बदल, पाय लांब कर, पाय जवळ घे. बघणारे म्हणत होते, "बघा, भुकेनं जीव कसा कासावीस झालाय." सर सकाळी दोन प्लेट पोहे खाऊन निघाले होते.

दुपारी सुरेखाबाई आल्या. एका हातात जेवणाचा डबा आणि दुसऱ्या हातात श्रीखंडाचं पातेलं. गर्दी बघून त्या जागीच थबकल्या. काकासाहेबांनी पुढं होऊन त्यांच्या हातातला डबा जवळजवळ हिसकावलाच. "वहिनी! उपोषणाच्या ठिकाणी डबा? विरोधकांनी फोटो काढला म्हंजे?"

"कुणाचं उपोषण?" सुरेखाबाई म्हणाल्या.

काकासाहेबांनी छाती पुढं काढून सगळं सांगितलं. सुरेखाबाईंनी नवऱ्याकडं बघितलं. नवऱ्यानं दोन्ही हातांनी पोट दाबून, तोंडाशी बोटं नेऊन, डब्याकडं बोट दाखवून आपली अवस्था सांगितली. सुरेखाबाईंना सगळं कळलं. पण त्या काही बोलायच्या आत बायकांनी त्यांना कुंकू लावलं, पुढं नेऊन बसवलं, आणि बेबीनंदा त्यांच्या गळ्यात पडली. शेजारणीच्या पाठीवरून हात फिरवत सुरेखाबाई गप्प बसल्या. चेहरा मात्र काळजीत. यांचा उपास कधी होत न्हाई, पित्त खवळंल, असं त्या पुटपुटत होत्या. डबा जमादारांनी आणि संपतनं बंदोबस्ताच्या कारणास्तव संपवला. पिठलं, भाकरी आणि शेंगदाण्याचा ठेचा होता. वास गादीपर्यंत येत होता.

आता सरांच्या मनानं उचल खाल्ली. उपोषण तर उपोषण, पण सुरेखा समोर बसली आहे, कॅमेरा चालू आहे, लोक जमले आहेत. हसवायला याहून चांगली वेळ कोणती? त्यांनी खिशातलं केळीचं साल हळूच गादीच्या पुढं टाकलं. केळं त्यांनी सकाळीच शास्त्र म्हणून खाल्लं होतं. मग ते पाणी प्यायला उठल्यासारखं करून तोऱ्यात निघाले, सालीवर पाय दिला आणि... काय ते पडणं! दोन्ही पाय हवेत, कोटाची दोन्ही टोकं वर, हार डोळ्यांवर. आठवडाभराची मेहनत फळाला आली होती. जमिनीवर पडल्या पडल्या सर कान देऊन हशाची वाट बघू लागले.

कोणी हसलं नाही. उलट एकच कालवा, "चक्कर आली! सरांना चक्कर आली!" बायका पदरानं वारा घालू लागल्या. कोणी कांदा फोडून नाकाला लावला. उपकेंद्रातल्या संध्या सिस्टर धावत आल्या आणि त्यांनी दंडाला पट्टा गुंडाळला. बीपी वाढलेलं होतं. वाढणार नाही तर काय! सर सुरेखाबाईंना खूण म्हणून डोळा मारायला गेले, तर सिस्टर ओरडल्या, "डोळे फिरवून राह्यले, मागं सरका!" सुरेखाबाईंचा चेहरा पांढराफटक झाला होता. त्या म्हणाल्या, "अवो, लागलं का?" हाच प्रश्न! सरांना रडू यायचं बाकी राहिलं.

तेवढ्यात काकासाहेबांना साल दिसलं. "उपोषणाच्या जागी केळीचं साल? हा घातपात हाय!" विरोधक नक्की कोण हे कोणालाच सांगता येत नव्हतं, पण त्यांचा सगळ्यांनी धिक्कार केला. जमादारांनी ते साल कागदात गुंडाळून ताब्यात घेतलं.

दुसरा एखादा असता तर इथं गप्प पडून राहिला असता. पण सरांचा मान दुखावला होता. जगात जे साल शंभर वर्षं चाललं ते वाटूरमध्ये चालू नये? राहता राहिलं श्रीखंड. सगळ्या गडबडीत पातेलं गादीच्या कडेलाच राहिलं होतं. सरांनी अंदाज घेतला, आळस दिल्यासारखे हात पसरले, तोल गेल्याचं सोंग केलं आणि पातेल्यात थेट कानापर्यंत तोंड खुपसलं. बाहेर काढलं तेव्हा केशरी चेहऱ्यात फक्त दोन डोळे लुकलुकत होते. आता तरी? आता तरी कोणी हसेल की नाही?

"श्रीखंडात पडले," दूधवाला भारावून म्हणाला, "पण जीभ म्हणून बाहेर काढली न्हाई. याला म्हणतात निग्रह!"

जीभ बाहेर काढायला सवडच मिळाली नव्हती हो. सरांनी काढायला घेतली तेवढ्यात सिस्टरनी कापसाचा बोळा दाबला. "तोंडात जाऊ देऊ नका, उपास मोडंल!" सगळं श्रीखंड पुसून टाकलं. वेलदोड्याचा वास तेवढा नाकात राहिला. लोकांनी पुन्हा घोषणा दिल्या आणि या वेळी घोषणेत सरांच्या नावापुढं 'त्यागमूर्ती' लावलं.

ऊन उतरायला लागलं तशी धूळ उडवत गाड्या आल्या. पुढं जीप, मागं ट्रकमध्ये नवी डीपी. जीपमधून नायब तहसीलदार वंदनाताई आणि लाइटच्या ऑफिसातले साहेब उतरले. साहेब घामाघूम होते. वायरमन खांबावर चढले, साखळी लागली, डीपी वर गेली, आणि गल्लीतल्या बायका टाळ्या वाजवायला लागल्या. पट्ट्या आवळायच्या तेवढ्या बाकी होत्या. बेबीनंदा एकदा डीपीकडं आणि एकदा सरांकडं बघत होती.

वंदनाताईंनी मोसंबीच्या रसाचा ग्लास सरांच्या हातात दिला. सरांनी तो एका दमात रिकामा केला आणि दुसरा मागितला. मग ताई म्हणाल्या, "सर, एक शब्द न बोलता, कोणालाही दोष न देता, तुम्ही प्रशासनाचे डोळे उघडले. असे आंदोलक आम्ही बघितले नाहीत. आता मौन सोडा आणि दोन शब्द बोला."

माइक सरांच्या तोंडाशी आला. समोर सगळी गल्ली हात जोडून उभी. सर उठले. दिवसभर दाबलेलं सगळं आता छातीत उसळत होतं. आपण काय करायला आलो आणि आपल्याला काय करून ठेवलं! पडलो तर दया, बुडलो तर त्याग. निदान एकदा तरी सरळ खरं बोलावं, मग होऊ दे काय व्हायचं ते. त्यांनी श्रीखंडानं चिकट झालेला हार बाजूला केला आणि भूगोलाच्या तासाला बोलतात त्याच गंभीर आवाजात म्हणाले,

"मॅडम, मी उपोषणाला बसलोच न्हाई. मी सकाळी दोन प्लेट पोहे खाऊन आलोय. मी हितं विनोदी सिनेमा करून राह्यलो."

लाइटच्या साहेबांनी कपाळाचा घाम पुसता पुसता हात थांबवला. वर खांबावर वायरमनचा पान्हाही थांबला. बेबीनंदाचा चेहरा असा उतरला की सरांना वाटलं, जीभ तोडून टाकावी. काकासाहेबांनी तर डोळेच मिटून घेतले. डीपी दोन साखळ्यांवर लोंबकळत होती.

आणि मागं कोणीतरी फिस्सकन हसलं.

सरांनी वळून बघितलं. सुरेखाबाई! त्यांनी तोंडावर पदर दाबला होता, पण हसू पदरात मावत नव्हतं. कानात श्रीखंड, गालावर ओघळलेली मिशी, गळ्यात चिकट हार, आणि तो वर्गावर हजेरी घेतल्यासारखा आवाज! त्यात दिवसभरातलं हे एकच वाक्य शंभर टक्के खरं, हे तिथं त्यांच्या आणि मिथुनशिवाय कोणालाच माहीत नव्हतं. त्यांनी एकदा स्वतःला आवरलं, परत नवऱ्याकडं बघितलं, आणि मग मात्र त्या अशा हसत सुटल्या की तोल जाऊन त्यांनी बांबू धरला. बांबू हलला. वरचं कापड अर्धं खाली आलं ते साहेबांच्या डोक्यावर.

झालं! बायको हसते म्हणजे सरांनी विनोद केला, हे सगळ्यांच्या लक्षात आलं. साऱ्या गल्लीत हशा फुटला. वंदनाताई हसल्या, जमादार हसले, साहेब कापडाच्या आतून हसले. "दिवसभर उपाशी, अन् म्हणतात पोहे खाल्ले!" दूधवाला मांडीवर थापा मारत होता. "सिनेमा म्हणे! सर, तुम्ही लई भारी!" बेबीनंदा हसता हसता डोळे पुसत होती. ताईंनी लगेच फोनवरून वर कळवलं की उपोषणकर्त्याची तब्येत विनोद करण्याइतपत ठणठणीत आहे. वायरमननं शेवटची पट्टी आवळली.

"अवो, खरंच सिनेमा हाय!" सर जीव तोडून सांगत होते. "इचारा मिथुनला!" लोक आणखी हसले. सर जेवढे चिडले, जेवढे पाय आपटले, तेवढा हशा वाढत गेला. सुरेखाबाई तर आता खाली सतरंजीवरच बसल्या होत्या. "बास... बास करा," असं त्या हातानं सांगत होत्या, त्यांना बोलता येत नव्हतं.

सरांनी मिथुनकडं बघितलं. मिथुननं मान हलवली. सालीच्या वेळेलाच मोबाइल बंद पडला होता. दुकानात सगळ्या गल्लीचे मोबाइल चार्ज करता करता त्याचा स्वतःचा राहून गेला होता.

सर घरी आले. घरात दिवा लागला होता. तोंड न धुताच ते ताटावर बसले. सुरेखाबाई गरम भाकरी वाढत होत्या आणि मधूनच, काही कारण नसताना, हसत होत्या. सर रुसलेले होते. एवढी मेहनत, आणि सिनेमात ना साल, ना श्रीखंड. त्यांनी भाकरीचा घास घेतला, चावला, बायकोकडं तिरका डोळा करून बघितलं. ती उलथन्यानं भाकरी परतवत होती आणि पाठमोरीच होती.

सर खाकरले. घास गालात सरकवून, तोच वर्गावरचा आवाज काढून म्हणाले, "मॅडम, मी उपोषणाला बसलोच न्हाई."

उलथनं खाली पडलं. सुरेखाबाई ओट्याला धरून हसत सुटल्या. भाकरी करपली, धूर झाला, तरी त्यांचं हसू थांबेना. सरांनी तशीच करपलेली भाकरी ताटात वाढून घेतली आणि त्या जेवणात ते पाटावरून एकदाही उठले नाहीत.